दुसऱ्याचे दुःख आणि अनुबोधपट

सातारा-सांगलीकडच्या ज्या मंडळींनी तंबूतला सिनेमा पाहिला आहे, त्यांना एक गोष्ट चांगली आठवत असेल. जत्रा पुसेगावची असो, पालीची असो, नाहीतर खरसुंडीची. मुख्य चित्रपट सुरू होण्याआधी पडद्यावर एक छोटा सरकारी पट लागत असे. कधी धरणाचा, कधी खताचा, कधी देवीची लस टोचून घेण्याचा. त्याला त्या काळी अनुबोधपट म्हणत. आता आपण माहितीपट म्हणतो. एप्रिल १९४८ मध्ये फिल्म्स डिव्हिजन हे सरकारी खाते निघाले, आणि सिनेमा दाखवणाऱ्याने असा एखादा पट दाखवलाच पाहिजे, असा परवान्याचा दंडक होता. जाणती मंडळी तेवढा वेळ तंबूच्या बाहेर उभी राहून बिडी ओढीत, आणि 'खरा' सिनेमा सुरू झाला की आत शिरत.

आता त्या बिडीतली तंबाखू कुठली? आपल्या भागात ती पुष्कळदा निपाणीची असे. आणि ती तंबाखू कुटणाऱ्या, चाळणाऱ्या निपाणीच्या बायांवरच पुढे, १९८२ साली, एक अनुबोधपट निघाला. त्याचे नाव 'तंबाखू चाकीला ऊब आली'. तो करणाऱ्या बाईंचे नाव दीपा धनराज. दुसऱ्याचे दुःख पाहावे कसे, आणि पाहिल्यावर ते चार लोकांना दाखवावे कसे, हा प्रश्न त्यांनी फार कसोशीने हाताळला. तो प्रश्न सिनेमावाल्यांपुरता नाही. गावच्या शाळामास्तरांना, ग्रामसेवकांना आणि आज हातात फोन असलेल्या प्रत्येकाला तो लागू पडतो. म्हणून आज ही हकीगत आपल्यापुढे मांडायची आहे.

आधी थोडा मागचा इतिहास पाहू. आपल्याकडे अनुबोधपटाची सुरुवात मराठी माणसानेच केली. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजेच सावेदादा, यांनी १८९९ साली मुंबईत एका कुस्तीचे चित्रण केले. पुढे स्वातंत्र्य आल्यावर फिल्म्स डिव्हिजनने शेकडो पट काढले. त्यांत कसबी माणसे होती आणि कामही मोठे झाले, हे कबूल केले पाहिजे. देशाच्या एका टोकाचा माणूस दुसऱ्या टोकाला प्रथम दिसला तो त्या पटांमुळेच. पण त्यांतल्या बहुतेकांची एक रीत ठरून गेली होती. पडद्यावर शेतकरी दिसे, मजूर दिसे, डोईवर पाटी घेतलेली बाई दिसे. बोलत मात्र कोणीतरी तिसराच असे. भारदस्त आवाजाचा एक गृहस्थ सांगे की, या शेतकऱ्याला आता सुखाचे दिवस आले आहेत. त्या शेतकऱ्याला स्वतःला काय वाटते, हे विचारण्याची पद्धत नव्हती. १९६७ साली एस. एन. एस. शास्त्री यांनी स्वातंत्र्याबरोबर जन्मलेल्या तरुणांना सरळ बोलते केले, तेव्हा लोकांना त्याचे नवल वाटले. इतकी ती गोष्ट दुर्मिळ होती.

या बाबतीत रेडिओने जरा आधी पाऊल टाकले होते, आणि तेही आपल्याच मुलखात. १९५६ साली पुणे केंद्राने युनेस्कोच्या साहाय्याने एक प्रयोग केला. पुणे, नाशिक, अहमदनगर, कोल्हापूर आणि त्या वेळचा उत्तर सातारा अशा पाच जिल्ह्यांतल्या सुमारे दीडशे गावांत श्रोत्यांची मंडळे स्थापन झाली. आठवड्यातून दोनदा मंडळी रेडिओभोवती बसत, कार्यक्रम ऐकत, मग त्यावर आपसांत बोलत, आणि आपले प्रश्न व मते केंद्राकडे लिहून पाठवत. असे वीस कार्यक्रम झाले. ऐकणाऱ्यालाही काही सांगायचे असते, ही साधी गोष्ट त्या प्रयोगाने मान्य केली. सिनेमाला ती मान्य व्हायला आणखी पाव शतक जावे लागले.

आता निपाणीकडे येऊ. कोल्हापूर सोडून पुणे-बंगळूर रस्त्याने दक्षिणेला निघाले की निपाणी लागते. १९५६ पर्यंत हा भाग मुंबई राज्यात होता. राज्यांची पुनर्रचना झाली आणि तो म्हैसूर राज्यात, म्हणजे आजच्या कर्नाटकात गेला. बोली मात्र आपल्यासारखीच राहिली. गावाची खरी ओळख बिडीच्या तंबाखूची. शिवारातून आलेला पाला वखारीत पडतो. तो वाळवायचा, त्याच्या काड्या वेगळ्या करायच्या, कुटायचा, चाळायचा आणि पोती भरायची. यातले चाळण्या-निवडण्याचे काम बायांचे. ज्यांनी घरी नुसती मिरची कुटली आहे त्यांना थोडी कल्पना येईल. ठसका लागतो, डोळे चुरचुरतात, नाकातोंडाला पदर लावला तरी धूळ आत जायची ती जातेच. मिरची कुटणे घटकाभराचे. इथे मात्र सगळा दिवस त्या धुळीत काढायचा, आणि घरी गेल्यावर पोराला जवळ घ्यायचे तर लुगड्याला तोच वास.

या बाया संघटित नव्हत्या. आज काम आहे, उद्या नाही. हिशोब मालकाच्या वहीत, आणि अक्षरओळख नसल्यामुळे ती वही वाचता येत नाही. १९७० च्या दशकाच्या अखेरीस सुभाष जोशी यांच्यासारख्या कार्यकर्त्यांच्या साथीने या बायांनी युनियन बांधायला सुरुवात केली. त्याच सुमारास निपाणीचे नाव आणखी एका कारणाने देशभर गेले. शरद जोशी यांच्या नेतृत्वाखाली तंबाखू पिकवणाऱ्या शेतकऱ्यांनी भावासाठी मार्च १९८१ मध्ये महामार्ग रोखला, आणि ६ एप्रिल १९८१ रोजी तिथे पोलिसांचा गोळीबार होऊन शेतकऱ्यांचे बळी गेले. एकाच पाल्यावर एकीकडे पिकवणारा रस्त्यावर बसला होता आणि दुसरीकडे चाळणारी वखारीत उठून उभी राहत होती. वर्तमानपत्रांत पहिल्याची बातमी मोठी आली. दुसरीची फारशी आली नाही.

अशा वेळी निपाणीत कॅमेरा घेऊन काही मंडळी आली. त्यांच्या गटाचे नाव 'युगांतर'. १९८० साली बंगळुरात दीपा धनराज, आभा भैया, मीरा राव आणि छायालेखक नवरोज कॉन्ट्रॅक्टर यांनी हा गट काढला होता. दीपाबाई मूळच्या हैदराबादच्या, जन्म १९५३ चा. त्यांची घरची भाषा मराठी नव्हे. तरीही गटाचे पहिले दोन पट मराठीतच झाले, कारण ज्या बाया त्या वेळी उठून बोलत होत्या त्या मराठी बोलत होत्या.

पहिला पट 'मोलकरीण', १९८१ चा, पुण्यातला. १९८० साली पुण्यातल्या घरकाम करणाऱ्या बायांनी काम बंद ठेवले आणि त्यातून पुणे शहर मोलकरीण संघटना उभी राहिली. हे वाचून आपल्या भागातल्या कित्येकांना आपलीच माणसे आठवतील. १९७२ च्या दुष्काळात माण-खटाव, आटपाडी, जत या पट्ट्यांतली पुष्कळ कुटुंबे घरदार सोडून पुण्या-मुंबईकडे गेली. गावी ज्या बाईला सारे वहिनी, काकी म्हणत, ती शहरात जाऊन नुसती 'बाई' झाली. त्या बायांना एकत्र बसून बोलताना पडद्यावर प्रथम दाखवले ते या छोट्या पटाने.

दुसरा निपाणीचा. गटातली माणसे सुमारे चार महिने या बायांबरोबर काम करीत होती. नुसते यायचे, दोन दिवसांत चित्रण उरकायचे आणि जायचे, असे त्यांनी केले नाही. काय दाखवायचे आणि कुठे दाखवायचे, हे सांगण्यात बायांचाच पुढाकार होता. वखारीच्या आतली जी जागा बाहेरच्या माणसाने कधी पाहिली नव्हती, तिथे कॅमेरा पोहोचला तो या बायांनी वाट दाखवली म्हणून. संघटनेची एक सभा बायांनी पुन्हा भरवून दाखवली. आपण काय बोललो, कोण आधी उठले, कोण मागे राहिले, हे त्यांनी स्वतःच ठरवून कॅमेऱ्यासमोर मांडले. संपाचेही चित्रण झाले. आणि पटाला निवेदन आहे ते कोणा भारदस्त गृहस्थाचे नव्हे. एकापाठोपाठ एक अशा अनेक बायांचे आवाज येतात आणि मिळून हकीगत सांगतात. पट कृष्णधवल, जेमतेम अर्ध्या तासाचा. पण तेवढ्या वेळात आपल्याला कळते की हे आपल्याला कोणी शिकवत नाही. या बाया आपल्याशी बोलत आहेत.

नावातही गोडी आहे. ऊब म्हणजे ज्वाळा नव्हे. ती बाहेरून दिसत नाही, आतल्या आत चढत जाते, आणि हात घातल्यावरच कळते. बायांची संघटनाही तशीच वाढली.

पट तयार झाल्यावर तो मोठ्या थिएटरांत लागला नाही आणि लागणारही नव्हता. गटाने प्रोजेक्टर उचलला आणि वस्त्यांत, कामगारांच्या आणि स्त्रियांच्या बैठकांत ते पट दाखवले. दाखवून झाले की चर्चा. निपाणीच्या बाईची गोष्ट दुसऱ्या गावची कामगार बाई पाहते आणि म्हणते, 'आमच्याकडंबी असंच हाय की!' तिथून पुढचे बोलणे सुरू होते. १९५६ च्या श्रोतृमंडळांची रीत इथे पुन्हा भेटते.

सहानुभूती हा शब्द आपण फार सैल वापरतो. कोणाची कीव आली की म्हणतो, सहानुभूती वाटली. कीव करणारा उंचावर उभा असतो आणि खाली पाहतो. त्याला त्या माणसाचे नाव विचारायची गरज पडत नाही. सहानुभूतीमध्ये अनुभूती हा शब्द आहे, आणि दुसऱ्याची अनुभूती घ्यायची तर त्याला वेळ लागतो. चार महिने लागतात. त्याच्या तोंडून ऐकावे लागते, आणि तो जे सांगेल ते आपल्याला आवडले नाही तरी ठेवावे लागते. ज्याचं जळतं त्याला कळतं, हे खरेच. पण ज्याचं जळतं त्याला बोलू दिले, तर शेजाऱ्यालाही थोडेफार कळू शकते.

हीच कसोटी पुढे फार अवघड प्रसंगी लागली. ती सांगताना शिक्षक मंडळींना काही जुन्या गोष्टी आठवतील.

आपल्या देशाने १९५२ साली कुटुंबनियोजनाचा सरकारी कार्यक्रम हाती घेतला. हेतू चांगला होता. पण पुढे आकडे हेच ध्येय होऊन बसले. १९७५ ते १९७७ च्या आणीबाणीत त्याचा कळस झाला. १९७६-७७ या एका वर्षात देशात ८० लाखांहून अधिक नसबंदीच्या शस्त्रक्रिया झाल्या. तलाठी, ग्रामसेवक, प्राथमिक शिक्षक अशा लहान नोकरदारांना ठिकठिकाणी 'केसेस' आणण्याचे कोटे ठरवून दिले गेले. मास्तर पोरांना शिकवण्याऐवजी केस शोधत फिरू लागले. 'केस' हाच शब्द होता. माणूस नव्हे, केस. सक्तीच्या नसबंदीचा कायदा करण्यात महाराष्ट्रच पुढे होता. १९७६ साली आपल्या विधिमंडळाने तसे विधेयक मंजूर केले. राष्ट्रपतींची संमती न मिळाल्यामुळे ते अमलात आले नाही.

आणीबाणी उठली, पुरुषांनी मतपेटीतून राग काढला, आणि त्यानंतर या कार्यक्रमाचा सारा भार बायांवर आला. दुर्बिणीच्या शस्त्रक्रियेची शिबिरे भरू लागली. एका दिवसात, एका डॉक्टरच्या हाताखाली, रांगेने बाया. या विषयावर दीपा धनराज यांनी १९९१ साली एक पट काढला. त्याच्या इंग्रजी नावाचा अर्थ 'युद्धासारखे काहीतरी' असा होतो.

त्या पटात शिबिराचे चित्रण आहे आणि ते पाहवत नाही. एक डॉक्टर आपल्या वेगाची आणि आकड्यांची बढाई मारतात. टेबलावरच्या बाईशी कोणी बोलत नाही. एखाद्या उतावळ्या चित्रकाराने एवढेच दाखवून पट संपवला असता. लोक हळहळले असते आणि ती बाई पुन्हा एकदा 'केस'च राहिली असती. आधी सरकारची, मग सिनेमाची. दीपाबाईंनी तसे केले नाही. त्याच पटात आणखी काही बाया गोल करून बसल्या आहेत. त्या शरीराचे चित्र काढतात, आणि पाळी, बाळंतपण, मुलगा-मुलगी, नवरा, नकोसे आणि हवेसे यांवर बोलतात. हसतातही. हे हसणे फार महत्त्वाचे. त्यामुळे आपल्याला उमगते की, टेबलावर जी निमूट पडली होती तिलाही असेच बोलता येते, हसता येते, आपले मत आहे. दुःख झालेला माणूस म्हणजे नुसते दुःख नव्हे, हे त्या गोलात बसलेल्या बाया न सांगता सांगून जातात.

कोणी विचारील, अशा पटांनी झाले काय? प्रश्न रास्त आहे. निपाणीत जे मिळाले ते बायांच्या संघटनेने मिळवले, सिनेमाने नव्हे. मोलकरणींसाठी महाराष्ट्रात घरेलू कामगार कल्याण मंडळाचा कायदा झाला तो २००८ साली, म्हणजे 'मोलकरीण' पटानंतर सत्तावीस वर्षांनी. मधला काळ मोर्चे आणि निवेदने यांचा आहे. कुटुंबनियोजनातले वरून लादलेले आकडे सरकारने १९९६ साली मागे घेतले. तरीही नोव्हेंबर २०१४ मध्ये छत्तीसगडात बिलासपूरजवळच्या एका शिबिरात काही तासांत ८३ बायांवर शस्त्रक्रिया झाल्या आणि त्यानंतर अनेक जणी दगावल्या. २०१६ साली सर्वोच्च न्यायालयाने अशी शिबिरे तीन वर्षांत बंद करण्यास सांगितले. म्हणजे १९९१ साली जे पडद्यावर स्पष्ट दिसले होते, ते कागदावर उतरायला पंचवीस वर्षे लागली. अनुबोधपट अन्याय थांबवीत नाही. 'आम्हांला माहीत नव्हते' असे म्हणण्याची सोय मात्र तो काढून घेतो.

दुसरी शंका याहून बोचरी आहे. चित्रकार येतो, चित्र घेतो आणि जातो. बाई तिथेच राहते. तिचे तोंड पडद्यावर दिसले म्हणून उद्या मालकाने तिला कामावरून काढले तर? ही शंका कोणत्याही पटाला पुरती टाळता येत नाही. निपाणीत तिला उत्तर होते ते एवढेच की बाया एकट्या बोलल्या नाहीत, मिळून बोलल्या, आणि पाठीशी संघटना होती. एकटीला पुढे करून तिचे दुःख वदवून घेणे सोपे. तिच्या पाठीशी चार जणी आहेत ना, हे पाहून मग कॅमेरा सुरू करणे अवघड. दीपाबाईंनी पुढेही, १९८४ च्या हैदराबादच्या दंगलीवर पट करताना काय, किंवा तमिळनाडूतल्या मुस्लिम बायांच्या स्वतंत्र जमातीवर २०११ साली पट करताना काय, बायामाणसांच्या आणि वस्तीच्या बोलण्यालाच मान दिला.

श्रोतेहो, आता आपल्या अंगणात पाहू. सातारा-सांगलीला ऐकून घेण्याजोगे थोडे नाही. ११ डिसेंबर १९६७ च्या पहाटे कोयनेचा भूकंप झाला. दीडशेहून अधिक माणसे गेली. त्या रात्री लहान असलेली माणसे आज साठी-सत्तरीच्या पुढे आहेत. कोयना धरणात गाव गेलेली कुटुंबे आहेत, आणि त्यांच्या पुनर्वसनाच्या लढ्याचा इतिहास त्यांच्याच तोंडी आहे. नवऱ्याने टाकलेल्या बायांचा प्रश्न १९८० च्या दशकात याच भागात ऐरणीवर आला, आणि त्यात कासेगावच्या इंदुताई पाटणकर पुढे होत्या. प्रतिसरकारच्या लढ्यातले कुंडलचे कॅप्टन भाऊ, म्हणजे रामचंद्र श्रीपती लाड, यांचे बोलणे पत्रकार पी. साईनाथ आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी वेळेवर चित्रित करून ठेवले, म्हणून आज ते ऐकता येते. भाऊ ५ फेब्रुवारी २०२२ रोजी वयाच्या ९९ व्या वर्षी गेले. क्रांतिसिंह नाना पाटलांच्या कन्या हौसाताई पाटील २३ सप्टेंबर २०२१ रोजी गेल्या. त्यांच्याही आठवणी अशाच नोंदल्या गेल्या. ज्यांच्या नोंदल्या गेल्या नाहीत अशी माणसे किती, याचा हिशोब कोणाकडे नाही.

आणि आज कॅमेऱ्याचा तुटवडा नाही. प्रत्येक घरात तो आहे. अपघात झाला, कोणी विहिरीत उडी घेतली, दोन घरांत मारामारी झाली, की पहिला हात मदतीला जाण्याआधी फोनकडे जातो, आणि घटकाभरात ते दुःख गावोगाव फिरते. ज्याचे दुःख आहे त्याला कोणी विचारलेले नसते. तंबूबाहेर बिडी ओढीत उभे राहणारे निदान पाहत तरी नव्हते. आपण पाहतो, पुढे पाठवतो आणि विसरतो.

म्हणून शिक्षक बंधुभगिनींना एक विनंती. वरच्या वर्गातल्या मुलांना कधी एखाद्या आजीचे, ऊसतोडीला जाणाऱ्या काकाचे, भूकंप पाहिलेल्या शेजाऱ्याचे बोलणे टिपायला जरूर सांगावे. पण त्याआधी तीन गोष्टी शिकवाव्यात. पहिली, विचारल्याशिवाय कॅमेरा काढायचा नाही, आणि नको म्हटले तर पुन्हा विचारायचे नाही. दुसरी, एका भेटीत काम उरकायचे नाही. पहिल्या भेटीत नुसते बसायचे, चहा घ्यायचा, ऐकायचे. तिसरी, जे टिपले ते आधी त्याच माणसाला दाखवायचे, आणि त्याने पुसायला सांगितले तर पुसायचे. यासाठी पैसा लागत नाही. लागतो तो वेळ आणि थोडी लाज.

निपाणीचा तो पट बर्लिनच्या आर्सेनल या संस्थेच्या पुढाकाराने नव्याने दुरुस्त होऊन आता डिजिटल रूपात जपला गेला आहे. परक्या देशातली माणसे तो खाली लिहिलेले भाषांतर वाचत पाहतात. आपल्याला भाषांतराची गरज नाही. त्या बाया आपल्याच बोलीत बोलत आहेत. आपण फक्त बसून ऐकायचे आहे.